आधी ठसा

गालावर वाळलेलं मीठ. रविवारची सकाळ. रडल्याचं काही आठवत नाही.

दारात चार जोड चपला. एक जोड लहान मुलीचा, गुलाबी, पट्टा तुटलेला. घरात कोणी नाही.

मनगटावर बऱ्या झालेल्या जखमेचा व्रण. जखम शुक्रवारी व्हायची आहे.

'पाहुणे गेल्यापासून अर्ध्या तासात फरशा पुसून प्रत्येक खोलीचा फोटो ग्रुपवर टाकणे. मागचा व्हरांडा विसरू नये. – शैला'

चूल थंड, पातेलं पालथं, आणि घरभर इंद्रायणीच्या भाताचा वास.

पॉवर टिलरच्या पात्यात तुटलेली करंगळी बांधावर पुरली होती. त्या जागी आता बंगल्याची पाण्याची टाकी आहे.

माणूस गावाला निघाला की त्याच्यामागे लगेच झाडू मारू नये. त्याला वेशीपर्यंत जाऊ द्यावं. पाठोपाठ झाडतात ते फक्त मयत उचलल्यावर.

विसापूरच्या कड्यावरून घुमत आलेलं '…विता, …विता'. हाक अजून कोणी मारलेली नाही.

*

सविता आणि कैलास हे नवरा-बायको मळवलीत एका बंगल्याची देखभाल करायचे. बंगल्याचं नाव 'निवांत'. तो ज्या जमिनीवर उभा आहे तिथं बारा वर्षांपूर्वीपर्यंत कैलासचं भाताचं खाचर होतं. कैलास सही करणार नाही असं सगळ्यांना सांगत होता, आणि एका सकाळी कोणाला न सांगता जाऊन सही करून आला. का, ते त्यानं सविताला कधी सांगितलं नाही. तिनं मनाशी धरलं होतं की चुलतभावांनी भरीला घातलं असणार. पुढं बंगला झाला आणि त्याच जागेवर दोघं कामाला लागली. तो बाग आणि गेट बघायचा, ती आतलं.

तिचं काम दोन प्रकारचं होतं. पाहुणे गेले की ते आले होते याची एकही खूण मागे ठेवायची नाही. आणि बंगला रिकामा असला की आत माणसं आहेत असं दाखवायचं: दारात जुन्या चपला, दोरीवर ओला टॉवेल, जिन्यातला दिवा. गुलाबी चपलांचा जोड एका पाहुणीच्या मुलीचा राहिलेला होता. तो चोरांसाठी उत्तम, असं मालकीणबाई म्हणाल्या होत्या. मालकीणबाई म्हणजे शैलाताई, तळेगावच्या शाळेतून निवृत्त झालेल्या. माणूस चांगला, पण त्यांना प्रत्येक गोष्टीचा फोटो लागायचा. फोटो गेला की ग्रुपवर लगेच त्यांचा अंगठा यायचा. फोटो उघडून बघण्याइतका वेळही मध्ये गेलेला नसायचा.

सविताची सासू बयाबाई. मोतीबिंदूनं डोळे पांढरे झालेले, तोंड शाबूत. सून पाहुण्यांच्या गाडीची धूळ खाली बसायच्या आत झाडू हातात घेते हे तिला अजिबात पटत नसे. "आटवड्याला दोन मयतं काडती ही," असं ती येणाऱ्या-जाणाऱ्याला ऐकवायची. सविता म्हणायची, शैलाताईंना सांगा, वेशीपर्यंत थांबायचं म्हणून.

*

माघाच्या कोरड्या दिवसांत मागच्या व्हरांड्यात चिखलाचे ठसे उमटले.

व्हरांडा जाळीचा. स्वयंपाकघरातून त्यात उतरायचं. उजव्या टोकाला बाहेरचं दार, दाराबाहेर एक पायरी, आणि सहा फुटांवर कंपाउंडची भिंत. ठसे सहा होते. पायरीवर एक, आत पाच. बाहेरून आत येणारे. काळा, ओला, खाचरातला चिखल. पायरीवरचा पहिला उजव्या पायाचा होता आणि त्याला करंगळी नव्हती.

सविता कैलासला बोलवायला गेली तर तो पुढं मेंदी कापत होता, पायात गमबूट. तो आला. ठशांकडे बराच वेळ बघत राहिला. बूट काढले. स्वयंपाकघराच्या उंबऱ्याजवळच्या ठशात त्यानं पाय ठेवला. पाय बसला. दुसऱ्या ठशात दुसरा. ठसे आत येणारे होते म्हणून त्याला बाहेर जाताना उलट्या पावली जावं लागलं, तोंड सविताकडे, पाठ दाराकडे. पायरीवर उजवा पाय टेकला तेव्हा त्याच्या मागे भिंत नव्हती.

सविता म्हणाली, "अवो."

तो म्हणाला, "हितंच हाय मी," आणि तो तिथं नव्हता.

ठसे मात्र तसेच ओले होते. दुपारी चारला कैलास सरळ चालत, त्याच सहा ठशांत एकेक पाय टाकत परत आला. गुडघ्यापर्यंत काळा. त्याच्या मागे ठसे सुकले आणि त्यांची धूळ झाली. ती सवितानं झाडली. चहा झाला.

मग हे रोजचंच झालं. सकाळी ठसे उमटायचे, म्हणजे तो त्या दिवशी परत येणार हे ठरलेलं असायचं. तो उलटा जायचा, चारला सरळ यायचा. दिवसभर सविता त्या सहा ठशांच्या कडेकडेनं काम करायची. पाहुणे असले तर व्हरांड्याला कुलूप. दिवसातून दहा वेळा ती जाऊन ठसे मोजायची. सहा असले की नवरा होता.

*

त्या जागेला नाव नव्हतं. दोघंही 'तिकडं' म्हणायची.

तिकडं खूण आधी येते, गोष्ट मागून. हे कैलासनं पहिल्या आठवड्यात ओळखलं. तीन दगड काळे झालेले दिसतात, मधे राख, मग राखेला निखारा येतो, मग जाळ, आणि शेवटी कोणाच्या तरी काखेत कोरडं लाकूड. शेण पडलेलं असतं तिथं गाय चालत येते. जमिनीवर सावल्या पडलेल्या असतात, एक पूर्वेला, एक उत्तरेला, जशा वाटतील तशा, आणि झाडं आपापल्या सावलीत येऊन उभी राहतात. काही सावल्या नुसत्याच आहेत. त्यांच्यात अजून कोणी आलेलं नाही. कैलास त्यांच्या कडेनं जायचा.

पोट आधी भरतं, जेवण मागून. एकदा तो मनगटावर पांढरा व्रण घेऊन आला आणि तीन दिवस विळा हातात धरायला घाबरला. चौथ्या दिवशी, शुक्रवारी, विळा लागलाच. जखम वाहिली आणि मिटली. मिटल्यावर त्या जागी काहीच राहिलं नाही, कारण व्रण येऊन गेला होता.

आणि खाचर होतं. त्याचं खाचर, बांधासकट. गेला तेव्हा नुसती धसकटं होती. तिकडं धसकट म्हणजे पीक येणार याची खात्री. त्याच्या डोळ्यांदेखत एकेका धसकटावर ताट चढलं, लोंबी आली, पिवळी होती ती हिरवी झाली. त्याला त्या भातात काम करायचं होतं. बारा वर्षं त्यानं लॉनला पाणी घातलं होतं.

सविता त्याच्या पायांवर पाणी ओतायची आणि ऐकायची. त्या खाचरात तिनंही वीस वर्षं लावणी केली होती. पण तिचे ठसे व्हरांड्यात कधी उमटले नाहीत. का, ते कैलासला माहीत नव्हतं. तिला वाटलं, आपण आपलेही रोज पुसत आलो.

"पुसलेला ठसा तिकडं परत उमटत न्हाई," कैलास म्हणाला. "पन एक जरी ऱ्हायला तरी मानूस त्याच्यावर हुबा ऱ्हातो. फुडं येता येत न्हाई, मागं जाता येत न्हाई. थांबतो."

"किती येळ?"

"ठसा हाय तवर."

"म्हंजी झाडलोट करनारीचं तिकडं काय काम न्हाई म्हना."

"तू आलीस तर तिकडं काय शिल्लकच ऱ्हायचं न्हाई," तो म्हणाला आणि दोघं हसली.

फाल्गुनात तिकडच्या काही गोष्टी इकडं गळू लागल्या. भाताचा वास आदल्या दिवशी यायचा. कुकरची शिट्टी व्हायची आणि मग सविता तांदूळ धुवायला घ्यायची. एका रविवारी ती उठली तेव्हा तिच्या गालांवर मीठ वाळलेलं होतं. तिनं तोंड धुतलं आणि कामाला लागली.

*

सोमवारी पाहुणे सव्वाबाराला गेले आणि शैलाताईंचा फोन आला की आजच अडीचला दुसरे येताहेत, आधी फोटो हवेत, म्हणून सवितानं पदर खोचला, आणि हॉल, वेफर्सचा चुरा, चिक्कीचे कागद, सोफ्याखालचं खेळण्यातलं चाक, फोटो, पहिली खोली, चादरी, आरशाला चिकटलेली टिकली, फोटो, दुसरी खोली, उशीवरचे लांब केस, गादीत पडलेला खोलगा थोपटून सारखा केला, फोटो, बाथरूम, जाळीत अडकलेला साबण, फिनेल, फोटो, विसापूरकडून कोणी कोणाला हाक मारल्यासारखं, असतील ट्रेकवाले, स्वयंपाकघर, ओट्यावरचा कपाचा गोल डाग, फोटो, बादलीतलं पाणी बदललं, फडकं पिळलं, व्हरांडा, बाहेरच्या दारापासून सुरुवात, डावीकडे, उजवीकडे, मागे सरकत, चिखलाच्या डागाला जरा जोर लावला की निघतो, निघाला, पुढचा, पुढचा, कोपऱ्यातलं कोळिष्टक, स्टूल जागेवर, उंबऱ्यात उभी राहिली, फोटो.

ग्रुपवर अंगठा आला.

*

चारला तिनं चहा टाकला. दोन कप घेऊन व्हरांड्यात आली आणि फरशी चकाकताना दिसली.

तिनं कप खाली ठेवले. गुडघ्यांवर बसून फरशीवरून हात फिरवला. मग गाल फरशीला टेकून आडव्या उजेडात बघितलं, जसं ती नेहमी बघायची, काही राहिलं तर नाही ना. काही राहिलं नव्हतं. ती आपल्या कामात चांगली होती. बाहेरच्या पायरीवर दुपारच्या वाऱ्यानं जांभळाची पानं साचली होती. भिंत होती तिथं होती.

साडेचार झाले. पाच झाले. पुढच्या अंगणात नवे पाहुणे क्रिकेट खेळत होते. सविताला रडू येईना. तिचं रडून झालं होतं, काल.

मग तिला आठवलं की तिकडं खूण असेल तर गोष्ट येतेच, आणि खुणा मांडण्याचंही काम आपण करतो.

तिनं बागेच्या वाफ्यातली माती घमेल्यात कालवली. ठसे पायरीवरच द्यायला हवेत, दाराच्या बाहेर, येणाऱ्याच्या पायाखाली. माती नीट धरायला जागा स्वच्छ पाहिजे, म्हणून तिनं पाइप ओढला आणि पानांसकट पायरी धुवायला घेतली. तिची नजर भिंतीवर होती. पाणी सोडल्याबरोबर अगदी जवळ कोणी खाकरल्यासारखं झालं. सविता थांबली. पुढून पाहुण्यांचा गलका आला. तिनं नळ आणखी सोडला आणि पायरी घासून लख्ख केली.

मग ती भिंतीच्या बाजूला, दाराकडे तोंड करून बसली. माप त्याच्या चपलांवरून घेतलं. टाच तळहातानं दाबली, चवडा मुठीनं. बोटं करायला अंगठा पुरला. करंगळीपाशी आली तेव्हा तिनं डोळे मिटून त्याला आठवलं: रोज सकाळी तिच्याकडे तोंड करून उलट्या पावली जाणारा. करंगळी नसलेला पाय तिच्या डाव्या हाताला. म्हणून डाव्या हाताला तिनं चारच बोटं काढली.

माती सुकायच्या आत तो आला. भिंत नाहीशी झाली नाही, की काही आवाज झाला नाही. त्या दोन ठशांत दोन पाय होते आणि पायांवर कैलास होता.

"अगं, चहा टाक," तो म्हणाला. हे तो रोजच म्हणायचा.

*

हे ठसे सुकले नाहीत. तिनं त्यांच्यावर दोन घमेली पालथी घातली आणि पाहुण्यांना सांगितलं की सिमेंट ओलं आहे. घमेल्यांखाली ठसे होते तोवर कैलास होता.

तो बाग बघायचा. गेट उघडायचा, लावायचा. लोणावळ्याच्या चिक्कीवाल्यानं दात नसलेल्या गिऱ्हाईकाला काय सांगितलं हा त्याचा जुना विनोद तो जेवताना सांगायचा आणि सविता तो संपायच्या आधी हसायची. आपण आधीच हसतो हे तिच्या लक्षात यायला आठवडा लागला. त्याचं प्रत्येक वाक्य तिनं पूर्वी ऐकलेलं होतं. त्याचा राग तिला माहीत असलेला राग होता, त्याच्या गप्प बसण्याच्याही तीनच तऱ्हा होत्या आणि तिन्ही ओळखीच्या. तिकडं जायचं नाव तो काढत नव्हता. सकाळी व्हरांड्यात नवे ठसे येत नव्हते. त्याला ते आठवतही नसावेत.

त्याचा चुलतभाऊ रखमाजी एकदा विहिरीच्या मोटरीची जादा चावी कुठं ठेवलीय ते विचारायला आला. चावी ठेवली होती कैलासनंच, पण कुठं ते सविताला माहीत नव्हतं. कैलासनं इकडं बघितलं, तिकडं बघितलं, शेवटी सविताकडे बघितलं. "दादा, डोस्कं बी बंगल्यातच गहान टाकलं का काय," असं म्हणून रखमाजी हसत गेला.

त्या दिवशी सवितानं त्याला बारा वर्षांत न विचारलेलं विचारलं. खाचर का दिलंत?

तो गप्प राहिला. दुसऱ्या तऱ्हेनं. मग म्हणाला, "भावांनी भरीला घातलं."

तिनं मनाशी धरलेलं तेच, तिच्याच शब्दांत. ताटात भात होता, त्याला आता आधी वास येत नव्हता आणि नंतरही येत नव्हता.

*

बयाबाई उन्हाळा लागला की लेकाच्या तळपायांना एरंडेल चोळायची. पायांनी चिखलात जन्म काढलाय, आता बूट घालतोस म्हणून भेगा पडत नाहीत असं नाही, असं म्हणत. त्या दुपारी ती उन्हाला बसली, तो समोर पाय पसरून बसला. तिचे हात टाचेपासून वर गेले. उजव्या पायाची बोटं मोजली. मग डाव्याची. मग पुन्हा उजव्याची. चोळणं पुरं केलं. तो पाणी घालायला बागेत गेला तेव्हा तिनं हातांचं तेल लुगड्याला पुसलं.

"सवे, ह्यो पाय कुनी केला?"

सविता जवळच धान्य निवडत होती. तिनं सूप खाली ठेवलं आणि सगळं सांगितलं. ठसे, तिकडं, सोमवार. म्हातारीनं मधे एकदाही विचारलं नाही की हे कसं शक्य आहे. एवढंच म्हणाली की सुनेनं तिच्या लेकाच्या मागं झाडलं.

"मी मुद्दाम न्हाई केलं, आत्याबाई."

"ते म्हाईत हाय मला. हात चालतो तुजा, तू न्हाई." तिनं तेलाची वाटी बाजूला सारली. "त्याला म्या इचारलं, ल्हानपनी तुला काय म्हनायची मी. हसला निस्ता. तुला कुटं ठाव हाय ते, म्हनून त्यालाबी न्हाई."

सविता म्हणाली की तो वाईट नाही. काम करतो. कधी उलटून बोलत नाही.

"व्हय. माजा लय बोलायचा." बयाबाईचे पांढरे डोळे बागेकडे होते, जिथं पाइपाचा आवाज येत होता. "ठिवायचा तर ठीव. मी कुनाला सांगनार न्हाई. पन माज्या लेकाच्या पायरीवर हुबा हाय ह्यो."

*

दुसऱ्या दिवशी सकाळी सवितानं घमेली उचलली.

ठसे पहिल्या दिवसाइतके ओले होते. तिच्या अंगठ्याच्या रेषा बोटांच्या टोकांवर दिसत होत्या. ठसे केल्यापासून ती कायम आतूनच त्यांच्याकडे बघत आली होती. आज ती पायरीच्या पलीकडे गेली, भिंतीला पाठ लावून उभी राहिली, आणि येणारा माणूस जसा बघेल तसं बघितलं. डावा पाय चार बोटांचा. मग तिला कैलासचा पाय दिसला, टिलरच्या पात्यातून काढलेला, तिच्या पदरात गुंडाळलेला, तिच्या मांडीवर, दवाखाना येईपर्यंत. उजवा. एवढं रक्त बघूनही तिच्या हातांनी रोजचं समोरचं तेवढं लक्षात ठेवलं होतं.

तो बागेत होता. तिला त्याची पाठ दिसत होती. शर्ट तिनं धुतलेला.

आपण काय म्हणू, तो काय म्हणेल, हे तिला माहीत होतं. तरी तिनं हाक मारली.

"अवो."

"काय गं?" तो वळला नाही.

"काई न्हाई."

तिनं फडकं पिळलं आणि आधी उजवा पुसला, मग डावा. बागेत पाइप जमिनीवर पडला आणि साप धावावा तसा सरपटत राहिला. तो बंद करायला ती गेली नाही. फडकं धुतलं नाही, झाडू घेतला नाही. पायरीच्या कडेला बसून ती वाट बघत राहिली. चालत वेशीपर्यंत जायला जेवढा वेळ लागतो त्याहून थोडी जास्तच.

*

ती अजून 'निवांत'मध्ये आहे. कैलास कुठं गेला असं कोणी विचारलं तर ती म्हणते, कामावर. शैलाताईंनी बागेला दुसरा माणूस लावलाय.

मागच्या व्हरांड्याला आता कायम कुलूप असतं. पाहुण्यांना सांगितलंय की तिथं लाकडाला वाळवी लागली आहे. फरशीवर धुळीचा थर जमला आहे, चांगला बोटभर रुतेल असा. त्यावर पालीच्या पायांच्या रेघा आहेत, मांजराची फुलं आहेत, एका चिमणीनं कोपऱ्यात गोल नाचून ठेवलंय. सकाळी ती दार उघडते आणि उंबऱ्यात उभी राहून सगळं वाचते. माणसाचं काही नाही. पायरीवर तर काहीच टिकत नाही, वारा झाडून नेतो. चारला दोन कप चहा होतो. बयाबाई दुसरा पिते.

एकदा, वैशाखात, तिला उंबऱ्याजवळ लहानसा पाय उमटलेला दिसला. बाईचा. बोटांत जोडवी. बाहेरून आत येणारा, खाचरातल्या काळ्या चिखलाचा. तिनं आपला पाय त्यात ठेवून बघितला नाही. एकच होता. एका ठशावर माणूस नुसता उभा राहतो.

फोटो मात्र शैलाताईंना लागतातच, व्हरांड्याचाही. सविता त्या सोमवारचाच पाठवते. तो तिला बघवत नाही म्हणून उघडत नाही, नुसता दाबून धरते आणि पुढं ढकलते. आत्तापर्यंत वीस-बावीस वेळा गेला असेल. दर वेळी अंगठा येतो. मधे एकदा शैलाताईंनी लिहिलं, 'छान ठेवलाय व्हरांडा.'

सोमवार, दुपारी दोन वाजून सहा मिनिटं. फोटोत फरशी जवळजवळ कोरडी झाली आहे. उजवीकडे बाहेरचं दार उघडं आहे, आणि दाराबाहेरच्या पायरीवर चिखलाचा एक ठसा आहे, उजव्या पायाचा, चार बोटांचा.